पाठीमागचा हात

गेल्या वर्षी नयनाबाई न्हाणीघरात घसरून पडल्या, तेव्हापासून बनशंकरी भागातल्या त्यांच्या घरात दामोदररावांचा उजवा हात कायम बायकोच्या पाठीमागे असे. पडल्याच तर झेलायला! विमानांच्या कारखान्यात चौतीस वर्षं तपासणी खात्यात काढलेला माणूस. त्यांचा कशावरच पटकन विश्वास बसत नसे.

आता सून वेदिकाची पहिली मंगळागौर दीड महिन्यावर आली होती. "सुनेबरोबर फुगडी मी घालणारच," नयनाबाईंनी जाहीर केलं. दामोदररावांनी दुसऱ्याच दिवशी त्यांना दवाखान्यात नेलं.

फिजिओथेरपिस्ट कृष्णमूर्तींनी व्यायाम सांगितले. फरशीच्या रेघेवरून टाचेला बोटं लावत चालायचं, एका पायावर उभं राहायचं, मग तेच डोळे मिटून. रावांनी लगेच फ्रिजवर तक्ता डकवला आणि घड्याळ लावून सेकंद मोजू लागले. पाचाचे बारा झाले, बाराचे पंचवीस. मग शेजारच्या अक्कांना दिसू नये म्हणून पडदे ओढून नवरा-बायकोची फुगडीची तालीम सुरू झाली. दोन गिरक्यांतच दोघं सोफ्यावर!

"तुमच्या तक्त्याप्रमाणे माझा तोल ठीक आहे ना?"

"उत्तम आहे."

"मग मागे झुका की! नुसतं धरून काय ठेवता? फुगडीत भार द्यायचा असतो, अहो."

दुसऱ्या दिवशी रावांनी कृष्णमूर्तींना बायकोच्या तोलाबद्दल विचारलं, तर ते हसून आपल्या कानडी मिसळलेल्या मराठीत म्हणाले, "अम्मा सरी, एकदम ठीक आहेत, सार. तुम्हीच स्वल्प घाबरता."

दामोदररावांना ते फार लागलं, कारण ते खरं होतं.

मंगळागौरीला मुलाच्या एचएसआर लेआउटमधल्या फ्लॅटमध्ये बायकांची गर्दी उसळली. पुरुषांची रवानगी स्वयंपाकघरात. नयनाबाई पदर खोचून उभ्या राहिल्या तसे राव दारात आले. हात आपोआप पुढे झाला. नयनाबाईंनी तो पाहिला आणि मानेनंच नको म्हटलं.

सासू-सुनेनं पावलं जुळवली, हात गुंफले. डगमगली ती वेदिकाच.

"भार दे गं, मी आहे," नयनाबाई म्हणाल्या.

मग जी फुगडी फिरली म्हणता! सवयीनं सेकंद मोजणारे राव विसाच्या पुढे मोजायचंच विसरले. इतका आनंद त्यांना वर्षभरात झाला नव्हता.

निघताना जिन्यावर ते नेहमीसारखे बायकोच्या मागे थांबले. मग काय वाटलं कोण जाणे, हात खिशात घातला आणि भराभर पुढे उतरू लागले.

"अहो, जरा थांबा की माझ्यासाठी!" वरून नयनाबाई ओरडल्या.