कापडगल्लीचा पास

"ताई, ह्याच्यावर तर काईच दिसंना," साखळीवरच्या राखणदाराने, सर्जेरावाने पास उलटासुलटा करून पाहिला. "नाव न्हाई, शिक्का न्हाई, फोटूत माणूस बी न्हाई. साखळी कशी खाली करू मी?"

"तुम्ही मला वळखता ना पर, भाऊ?" दैवशाला स्कूटीवरूनच म्हणाली.

"वळखतो की. पर संघाच्या सेठनं कालच दम दिल्ता. पास बघितल्याबिगर कुणालाच सोडू नगं म्हणले."

जुन्या जालन्यातल्या या कापडगल्लीत दिवसा गाडी नेता येत नाही. दोन्ही बाजूंना साड्यांचे ठोक व्यापारी, मधल्या चिंचोळ्या वाटेत हमाल आणि हातगाड्या, आणि दसरा-दिवाळीत तर मुंगीलाही वाट नाही. म्हणून व्यापारी संघाने गल्लीच्या तोंडाला साखळी लावली आणि ज्यांना चालता येत नाही त्यांच्या गाडीला पास दिला. दैवशालाचं फॉल-पिकोचं दुकान गल्लीच्या पार दुसऱ्या टोकाला. मागे दोन जादा चाकं लावलेली तिची स्कूटी इतकी वर्षं थेट दुकानाच्या पायरीशी जाऊन थांबायची. सर्जेराव लांबून हॉर्न ऐकूनच साखळी सोडायचा.

पासाची ही दशा चोराने केली नव्हती की पाण्याने केली नव्हती. ती केली होती दैवशालाच्या सासूने, केशरबाईने, आणि तीही भक्तिभावाने.

खंडेनवमीला घरातल्या हत्यारांची पूजा करायची ही केशरबाईची शिस्त. शिलाई मशीन, कात्री, नवऱ्यामागे राहिलेला विळा, सगळं धुऊनपुसून ओळीने मांडायचं आणि हळदीकुंकू वाहायचं. स्कूटीला तर झेंडूची माळ. यंदा तिच्या मनात आलं, गाडी चालते ती या पासाच्या जिवावर, मग खरं हत्यार तर हाच. पण पासाला होतं प्लास्टिक. देवाला कधी प्लास्टिक गुंडाळून कुंकू लावतं का कुणी? तिने कात्रीने प्लास्टिक सोलून काढलं आणि ओली हळद, ओलं कुंकू थेट कागदावर लावलं. फोटोतल्या सुनेच्या कपाळाला तर आठवणीने ठसठशीत लावलं. शिक्का विरघळला, नाव वाहून गेलं, सून लाल झाली. म्हातारी वर नमस्कार करून मोकळी.

दैवशालाने स्कूटी साखळीबाहेर लावली आणि काठी घेऊन चालू लागली. डाव्या पायाला लहानपणीच पोलिओ झालेला. मांडीपासून टाचेपर्यंत लोखंडी कॅलिपर. घरातल्या घरात ती भराभर फिरायची, पण गर्दीत चालणं वेगळं. कुणी मागून ढकललं की पाय नाही, सगळं अंगच जातं. एका हातगाडीचा कोपरा लागून ती गाठोड्यांवर पडली. दोन बायांनी उचललं. दुकान उघडेपर्यंत गिऱ्हाईक दुसरीकडे गेलं होतं. मशीनवर बसल्यावर तिला कळलं की कॅलिपरच्या पट्ट्याने मांडी सोलली आहे. असे चार दिवस जरी काढले तरी दुकानाला कुलूप लावून घरी बसावं लागेल, आणि घरी बसली की पिकोला कोण येणार? नवरा धर्मराज ट्रकवर. तो महिन्यातले अर्धे दिवस परमुलखात. हे दुकान तिने स्वतःच्या हिमतीवर उभं केलं होतं, आणि ते तिला जिवापाड प्यारं होतं.

दुपारी तिने संघाचे सचिव राधेश्याम सेठ यांना गाठलं. सेठ माणूस मवाळ.

"वहिनी, नवा पास आजच्या आज देतो. खर्चा बी न्हाई काही. फक्त फोटो पाहिजे. उभं राहून काढलेला, पूर्ण. पाय दिसला पाहिजे."

"पाय?"

"काय सांगू, मागं एकानं वारलेल्या बापाचा पास लावून वर्षभर माल आणला. तवापासून कमिटीनं ठरवलंय, पासावरच पूर्ण फोटो. आता मला काय तुमचा पाय माहीत न्हाई का? पर..."

"न्हाई माहीत," दैवशाला म्हणाली. "कुणालाच माहीत न्हाई."

सेठने चष्मा काढून पुसला. "सामान उचलायला हमाल देऊ का एखादा?"

"सामान न्हाई सेठ. मलाच चालावं लागून राह्यलंय."

ती खरं तेच बोलली होती. सासरी नवरा सोडला तर तिचा पाय कुणी पाहिला नव्हता. लग्नातले सगळे फोटो खुर्चीवर बसून, साडीचा घोळ पसरून काढलेले. सोयरीक केशरबाईनेच जमवली होती, मुलीचं रूप आणि हातातलं काम पाहून. पण गावाकडच्या, तीर्थपुरीच्या भावकीला तिने सांगून ठेवलं होतं, पायात जराशी लचक आहे, एवढंच. ती लचक मग जन्माची झाली. पाहुणे आले की केशरबाई बोलता बोलता वाकायची आणि सुनेच्या साडीचा काठ पुढे ओढून कॅलिपरच्या बुटावर टाकायची. दैवशाला कधी काही बोलली नाही. आपल्याला आणलं खरं, पण आपली लाज वाटते यांना, असं तिने मनाशी पक्कं धरलं होतं.

संध्याकाळी तिने फोटोचं सांगितलं तेव्हा केशरबाई भाकरी थापायची थांबली.

"पाय दावायचा? भर गल्लीत लावायचा फोटू?"

"हाव."

"दुसरं काही न्हाई का चालत?"

"न्हाई आत्या."

केशरबाई पुन्हा भाकरी थापू लागली. भाकरी तव्यावर टाकून झाल्यावर म्हणाली, "माझ्यामुळंच झालं समदं. उद्या मी येते संगं."

अबुबकरचा स्टुडिओ दुकानापासून जवळच. त्याने पडदा सरळ केला, दिवे लावले आणि खाली बघत म्हणाला, "भाभी, साडी जरा गुडघ्याच्या वर घ्यावी लागंल. बिलकुल थोडा वेळ. मी जल्दी काढतो."

दैवशाला उभी राहिली. एका हातात काठी, दुसऱ्या हाताने भिंतीचा आधार. साडी धरायला तिसरा हात नव्हता.

"आत्या, तुम्ही धरा."

केशरबाई पुढे आली, खाली बसली, साडीचा काठ हातात घेतला आणि सवयीने खाली ओढून बुटावर टाकला.

"वर, आत्या."

"हां. वर."

साडी वर गेली. एका घरात इतकी वर्षं राहूनही केशरबाईने तो पाय कधी जवळून पाहिला नव्हता. दैवशाला दार लावून कॅलिपर बांधायची. आता नाकासमोर होता. वाळून काटकुळा झालेला पाय, दोन्ही बाजूंना लोखंडी पट्ट्या, आणि मांडीला कालचं ओलं सोललेलं. केशरबाईने मोकळ्या हाताने ते लोखंड चाचपलं.

"किती जड हाय गं हे."

"हाय की."

"रोज हे घिऊन चालती तू? पाणी भरती, जिने चढती?"

"मंग काय करू?"

"सांगायचं न्हाई का मला कधी?"

"तुम्ही झाकत होत्या ना," दैवशाला म्हणाली. रागाने नाही, पण म्हणाली.

केशरबाईने साडी आणखी वर धरली, घट्ट. अबुबकरने दोनदा बटण दाबलं.

फोटो कॉम्प्युटरवर आला तेव्हा तो जरा घुटमळला. "भाभी, फोटो बराबर आलाय. फक्त बाजूला यांचा हात आलाय, साडी धरलेला. काढून टाकतो. दोन मिनिटांचं काम."

दैवशालाने पाहिलं. प्रथमच ती फोटोत उभी होती. पाय स्वच्छ दिसत होता, आणि कडेला मनगटापर्यंत गोंदलेला, शिरा वर आलेला एक हात.

"राहू द्या," ती म्हणाली.

सेठनेही तो हात पाहिला, पण काही न विचारता शिक्का मारला. सर्जेरावाने पास नुसता लांबून बघितला आणि साखळी खाली केली.

दिवाळीच्या आधी केशरबाईची जाऊ कौसल्या तीर्थपुरीहून साड्या घ्यायला आली. दैवशाला मशीनवर होती, केशरबाई खाली बसून फॉलला हातशिलाई करत होती. कौसल्या पायरीशी उभ्या स्कूटीजवळ थांबली आणि डोळे बारीक करून पासाकडे बघत राहिली.

"केशरबाई, ह्यो पाय कुणाचा हो?"

दैवशालाचं मशीन थांबलं. तिचा हात आपसूक साडीच्या काठाकडे गेला. केशरबाईने शिलाईतून मान वर केली.

"माझ्या सुनेचा," ती म्हणाली. "आन् ह्यो हात माझा."

मग तिने सुई पुन्हा फॉलमध्ये घातली.