वायसालेचे ‘मोदे’

मित्रांनो, मी केवड्याच्या पानांची एक जुनी चटई आहे. कंदावू बेटावरच्या उनाइसीने मला विणले. शिंपल्याने घासघासून तिने पाने मऊ केली, कडेला लाल-हिरव्या लोकरीची झालर लावली. गावभर माझे कौतुक झाले आणि मीही फुगून गेले.

आमच्याकडे कुणी दूर निघाले की चटई अंथरतात, यंगोनाच्या मुळांचे पेय पितात, आणि थोरांनी ‘मोदे’ म्हणायचे. मोदे म्हणजे सुखाने जा. मोदे म्हणजे झोप, असेही. एकाच शब्दात आम्ही दोन्ही भागवतो. उनाइसीचा नवरा वायसाले लहानग्या लेकाला, आपिसाईला, रोज रात्री ‘मोदे’ म्हणून दटावायचा. निरोपाचे मोदे मात्र त्याच्या तोंडून कधी निघाले नाही.

आपिसाई मोठा झाला, न्यूझीलंडला सफरचंदाच्या बागांत हंगामापुरता कामाला निघाला. सगळे माझ्यावर बसले आणि वायसाले होडीचे इंजिन खोलून बसला.

"इंजिन काय पळून जाणारे?" उनाइसीने टोमणा मारला.

तेव्हा तो आला आणि पोराकडे न बघताच म्हणाला, "ताडपत्री घे. पाऊस येईल."

आकाश निरभ्र होते. पुढे दर वर्षी हेच झाले. आपिसाई हसायचा, पण माझ्यावरून उठताना त्याचा पाय जड व्हायचा. बापाने एकदा तरी मोदे म्हणावे, एवढीच त्याची आस होती.

मी जुनी झाले. झालर उंदरांनी नेली. बाहेर नवी चटई आली आणि मला आजारी वायसालेच्या अंगाखाली घातले. एका दुपारी आपिसाई धक्क्यावरून धावतच आला. वायसालेने त्याचा हात धरला. ओठ बराच वेळ नुसतेच हलले. मग तो म्हणाला, "मोदे."

"झोप म्हणतोय मला," आपिसाई आईला म्हणाला. "दमलेला दिसतोय ना मी."

उनाइसी समजली होती.  पण तिने उशी तेवढी आणून दिली. शहाण्या लेकरासारखा तो माझ्याच कडेला आडवा झाला.

तो उठला तेव्हा वायसाले गेला होता.

"जाताना काही बोलला का गं?"

"बोलला रे. तुलाच बोलला."

आपिसाईचा हात माझ्या विणीवर तसाच राहिला. "आणि मी झोपलो," तो म्हणाला.

मित्रांनो, मला जपले नाही तरी चालेल, केवडा पुन्हा उगवतो. पण घरातले अबोल माणूस कधी बोलले, तर लगेच उठू नका, झोपूही नका. जरा बसा. हवे तर माझ्यावर बसा. अजून दोन माणसांपुरती मी धड आहे.