विसाव्याचा दगड

मयुरीचं लग्न झालं, त्याच उन्हाळ्यात गवळीपुऱ्यात सिमेंटचा रस्ता आला.

"विसाव्याचा ओटा फोडला आज," शालूबाईनं रिकामी टोपली दारात आपटली. "मशीन आणली अन् सपाट करून टाकला."

खाटेवरच्या नत्थूनं मान तिच्याकडे वळवली. नातीच्या लग्नाचा बँडही त्यानं आतल्या खोलीतूनच ऐकला होता. जिनिंगमध्ये कापसाच्या गाठी कमरेवर कोसळल्या, तेव्हापासून तो या खाटेवर. आर्वीतला हा जुना वॉर्ड त्याला आता बायकोच्या तोंडूनच कळायचा. कोपऱ्यावरचा कडुनिंब तोडला, ते तिनंच सांगितलं. पाणपोईच्या जागी मोबाइलचं दुकान आलं, तेही.

ओट्याचं मात्र वेगळं होतं. गवळीपुऱ्यातली तिरडी मसणाकडे जाताना त्या ओट्यावर टेकायची. पुढचे खांदेकरी मागे जायचे, मागचे पुढे यायचे. बायका तिथवर येत आणि तिथूनच परत फिरत. शालूबाई त्या ओट्यालगत भाजी मांडून बसे. मयत आली की टोपली उचलून वाट करून द्यायची. लोक पुढे गेले की भाजीवर पाणी शिंपडायच्या बाटलीनं ओटा भिजवायची. त्या बाटलीच्या झाकणाला तिनं खिळ्यानं भोकं पाडली होती.

"आता तुमच्यासंगं मी कुठवर येऊ?" ती म्हणाली.

"घाई काऊन करून राह्यली? मी अजून मेलो नाई."

"दोन वर्षं झाली, मरूनच राह्यले तुमी. जरा लवकर उरकलं असतं, त ओटा भेटला असता."

नत्थू हसला. हसता हसता खोकला आला, तशी ती त्याची पाठ चोळू लागली.

"आता दारातच मयताची गाडी येते," ती हळूच म्हणाली. "आपल्या सुनेची माय गेली, तवा पाह्यलं मी. बाया दारात उभ्याच राह्यल्या अन् गाडी निंघून गेली. दोन पावलं संगं चालाले नाई भेटलं कोणाले."

दुसऱ्या दिवशी ओट्याचा एक चपटा दगड केळीवाल्या भैय्याजीच्या ठेल्यावर घालून तिनं घरी आणला. सून जया दारात आडवी झाली.

"आत्याबाई, मसणाच्या वाटेचा दगड घरात? मामाजी खाटेवर हायेत, काई वाटते का तुमाले?"

"त्यायच्यासाठीच त आणला व!"

"मंग त बिलकुलच नाई!"

दगड आल्या ठेल्यावर परत गेला. नव्या रस्त्याच्या कडेला तो ठेवून शालूबाई त्यावरच बसू लागली.

"बसून बसून गरम ठेवून राह्यली तुमच्यासाठी," ती संध्याकाळी नत्थूला सांगे.

पोळा झाला. दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा. सकाळी भैय्याजी धावत दारात आला. सांभाराच्या, कोथिंबिरीच्या जुड्या बांधता बांधता शालूबाई दगडावरून कलंडली होती.

दुपारी गाडी दारात लागली. हेमराज बापाच्या खाटेजवळ बसला. "बाबा, शेवटचं पाहून घ्या मायले."

"मले विसाव्यापर्यंत ने."

"ओटा कुठं राह्यला आता?"

"दगड हाय."

"गाडी तिथं थांबत नाई, बाबा. अन् तुमाले नेऊ कसं?"

जयानं डोळ्यांवरचा पदर काढला आणि नवऱ्याला म्हणाली, "भैय्याजीचा ठेला आणा."

केळ्यांच्या ठेल्यावर गोधडी अंथरून नत्थूला बसवलं. पुढे गाडी, मागे ठेला, त्याच्यामागे बायका. पांढऱ्या सिमेंटचं ऊन त्याच्या डोळ्यांत खुपलं. लाकडी बैल घेतलेली पोरं भिंतीला चिकटून उभी राहिली. कडुनिंब नाही, ओटा नाही. साऱ्या जन्माची ही गल्ली, आणि तो वळण शोधत होता.

"कोपरा कुठं गेला, भैय्याजी?"

"हाच तो, नत्थूभाऊ."

गाडी थांबली. "लवकर करा जी, मागं बस हाय," ड्रायव्हर म्हणाला. त्यानं मात्र इंजिन बंद केलं.

तिरडी खाली घेतली. दगड लहान, एकच बाजू त्यावर टेकली. दुसरी बाजू हेमराज वाकून हातांवर धरून राहिला. खांदेकऱ्यांनी जागा बदलल्या आणि तिरडी पुन्हा गाडीत चढली.

दगडाशेजारी तिची बाटली तशीच पडली होती. नत्थूनं हात पुढे केला. जयानं ती उचलून त्याला दिली. गाडी वळणाआड गेल्यावर ठेल्यावरून वाकून त्यानं दगडावर पाणी शिंपडलं, बाटली रिकामी होईपर्यंत.

मग भैय्याजीनं ठेला फिरवला. बायकांबरोबर नत्थूही तिथूनच परतला.

शालूबाई, माहेर रोहण्याचं, मयुरीच्या लग्नाच्या वर्षी तान्ह्या पोळ्याला सकाळी वारली.