राजा छत्रीत, गाव पावसात

जुना दिसतो म्हणून मला नुसता शोभेचा समजू नका, मित्रांनो. मी बोलणारा ढोल आहे. म्हणजे, होतो. आता ओके-इरोको गावाच्या राजवाड्यात एका खिळ्याला लटकलेला असतो. एका बाजूचं कातडं सैल पडलंय आणि पोटात कसल्याशा किड्याने संसार थाटलाय. तरी माझी गोष्ट ऐकून घ्या. ती फार चांगली नाही. ढोलाला मान नसते तेच बरं, नाहीतर माझी कायम खाली राहिली असती.

माझं झाड रस्त्याच्या कडेचं. आम्हा योरुबा लोकांत ढोलासाठी आडरानातलं झाड तोडत नाहीत. बाजाराच्या वाटेवरचं बघतात, कारण त्याने जन्मभर माणसांचं बोलणं ऐकलेलं असतं. मीही झाड असताना काय काय ऐकलं म्हणून सांगू! भाजीवाल्या बायकांची घासाघीस, सासूच्या चहाड्या, उसनी कोंबडी परत न करणाऱ्याला दिलेल्या शिव्या. माझा पुढचा धनी आयानदिरन, त्याच्या वडिलांनी त्या झाडातून मला कोरलं, कोकराचं पातळ कातडं चढवलं आणि दोन्ही तोंडं चामड्याच्या वाद्यांनी आवळली. तुमचा डमरू असतो ना, तसाच मी, पण हातभर लांब. काखेत धरून काठीने वाजवताना वाद्या दाबल्या की आवाज चढतो, सैल सोडल्या की उतरतो.

आमची भाषासुद्धा अशीच चढउतारांची. त्यामुळे मी काहीही बोलू शकतो. अडचण एवढीच की माझ्याकडे शब्द नाहीत, फक्त चाल आहे. शब्द ऐकणाऱ्याने भरायचे. कधी कधी एकाच चालीत दोन वाक्यं चपखल बसतात, मग काय, नुसती धमाल!

वडिलांनंतर मी आयानदिरनकडे आलो. तो राजवाड्याचा ढोलवाला. उंच, किडकिडीत, दात पुढे, आणि हसायला लागला की डोळ्यांत पाणी येईपर्यंत थांबायचा नाही. रोज उजाडता उजाडता आम्ही दोघं राजाच्या खिडकीखाली जायचो. आधी पूर्वजांची नावं, मग स्तुती, आणि शेवटी गावाची गाऱ्हाणी. हा आमचा रिवाज. माणसाने तोंडाने जे राजाला सांगायचं नाही, ते ढोलाने सांगायचं. त्याबद्दल ढोलवाल्याच्या केसालाही कुणी धक्का लावायचा नाही.

आमचा राजा आदेगोके मनाने वाईट नव्हता, हे आधीच सांगतो. गादीवर यायच्या आधी तो शाळेत गणित शिकवायचा. एकदा न्यायनिवाडा चालू असताना त्याला डुलकी लागली. राजाला आम्ही काबियेसी म्हणतो. दुसऱ्या दिवशी मी वाजलो, "काबियेसी घोरले, बकरी चोरणारा सुटला!" अख्खा वाडा हसला. राजा खिडकीत येऊन म्हणाला, "आयान, मेल्या, निदान नाश्त्याआधी तरी बोलत जाऊ नकोस!" आणि त्याच दिवशी त्याने तो खटला पुन्हा चालवला. आयानकडे कुटलेल्या याम कंदाचा हा एवढा गोळा आणि मटणाचा रस्सा पाठवला. त्या दिवसांची आठवण आली की माझं सैल कातडंही ताणल्यासारखं होतं.

मग देशात लढाई पेटली. परक्यांशी नव्हे, आपसातच. पूर्वेकडचा मुलूख फुटून निघाला आणि सरकारने आणीबाणी पुकारली. म्हणजे काय, तर कुणालाही उचलून न्यायचं, कारण सांगायचं नाही, कोर्टात उभं करायचं नाही. आमच्या गावात एक कॅप्टन आला आणि शाळेत त्याने तळ टाकला. तो दूर उत्तरेकडचा, आमची भाषा त्याला ओ की ठो कळत नव्हती. राजाशी तो इंग्रजीत बोलायचा.

पहिला उचलला तो ओबिओरा, सायकली दुरुस्त करणारा. तो इग्बो जमातीचा, पूर्वेकडचा, एवढाच त्याचा गुन्हा. पण त्याची मुलं आमच्यातच जन्मली होती, भांडायचा तोही आमच्याच भाषेत.

आयान दुपारीच राजाकडे गेला. मी त्याच्या खांद्याला होतो.

"काबियेसी, ओबिओराला सोडवा. आज त्याला नेलं, उद्या आणखी कुणाला नेतील."

राजाने कपाळ चोळलं. "देश मोडायला निघालाय, आयान. अशा वेळी एकेकाचं गाऱ्हाणं घेऊन कसं बसायचं? लढाई संपू दे. सगळं पूर्वीसारखं होईल."

"ओबिओराने परवा तुमच्या सायकलची चेन बसवली. त्यात देश कुठे मोडला?"

"तुला नाही कळायचं. वरून हुकूम आहे."

"वरून म्हणजे आभाळातून का, काबियेसी?"

राजाला हसू आलं नाही. "पुरे आता," तो म्हणाला.

त्यानंतर गावाने अळीमिळी गुपचिळी धरली. एक शिंपी गेला, एक मास्तर गेला. कुणी ब्र काढला नाही. आणि मग बाजाराच्या दिवशी कॅप्टनने मैदानात सभा बोलावली. राजा आपल्या मोठ्या लाल छत्रीखाली बसला, झालर लावलेली, राजाशिवाय कुणाला न मिळणारी छत्री. शेजारी कॅप्टन. त्याने भाषण केलं, की सरकार तुमच्या रक्षणासाठी आहे, घाबरू नका. राजाने मान डोलावली. मग रिवाजाप्रमाणे आयानला खूण झाली, राजाची स्तुती कर.

आयानने मला काखेत घेतलं आणि वाजवलं. एकच चाल, पण त्यात दोन वाक्यं बसत होती. एक, "राजाच्या छत्रीत गाव कोरडं." ही आमची जुनी स्तुती. दुसरं, "राजा छत्रीत, गाव पावसात." गावाने कुठलं ऐकलं असेल? आधी कांदेवाली फिसकन हसली, मग तिच्या शेजारची, मग अख्खं मैदान. कित्येक दिवसांत कुणी हसलं नव्हतं. खरं सांगतो, मला त्या वेळी इतका गर्व झाला! मी आणखी मोठ्याने वाजलो.

कॅप्टन गोंधळला. त्याने राजाकडे वळून विचारलं, "हे लोक का हसले? ढोल काय म्हणाला?"

मित्रांनो, सुटायची वाट राजाच्या हातात होती. "जुनी स्तुती आहे, राजाच्या छत्रीत गाव कोरडं," एवढं म्हटलं असतं तर ते खोटंही ठरलं नसतं. आयानच्या चेहऱ्यावर अजून हसू होतं. त्याला भीती वाटलीच नव्हती. त्याला वाटलं, आता राजा काहीतरी गंमतशीर बोलून वेळ मारून नेईल, आणि संध्याकाळी दोघं ताडी पिता पिता यावर हसतील.

राजाने आधी गर्दीकडे पाहिलं, मग कॅप्टनच्या कमरेच्या पिस्तुलाकडे. कॅप्टनने आणखी कुणाला विचारलं तर? आपण लपवलं असं कळलं तर? आणि लोक आपल्यावर हसले, हाही सल त्याच्या मनात होताच. त्याने खाली बघत हळूच इंग्रजीत सांगितलं, "राजा छत्रीत, गाव पावसात, असं म्हणाला."

शिपायांनी आयानच्या दंडाला धरलं. मी धुळीत पडलो. "अहो, तो ढोल आहे, फुटेल!" आयान ओरडला. स्वतःला घेऊन चालले होते, आणि त्याला काळजी माझी.

दुसऱ्या दिवशी पहाटे मला त्याच्या चुलतभावाने, आयानलेरेने, उचललं. खिडकीखाली त्याने माझ्याकडून पूर्वजांची नावं घेतली, स्तुती वाजवली आणि तिथेच थांबला. गाऱ्हाणं नाही. मी तेवढंच वाजलो. ढोल काय करणार, असं तुम्ही म्हणाल. मीही मनाला हेच समजावतो, पण ते पटत नाही. ज्याने आयानला धरून दिलं, त्याला मी त्याच पहाटे सिंह म्हणालो, गावाची सावली म्हणालो.

आयानची बायको आबेके बाजारात चवळीची भजी तळायची. रोज ती डोक्यावरची परात घेऊन वाड्याच्या दाराशी येऊन उभी राहायची. एकदा राजा बाहेर पडताना तिच्या समोर आला.

"काबियेसी, तुम्ही तिथे एक वाक्य बोललात. आता आणखी एक बोला."

राजा खरंच कॅप्टनकडे गेला. परतल्यावर मला टांगलं होतं त्या खोलीत तो एकटाच येरझारा घालत पुटपुटत होता. कॅप्टनने त्याला विचारलं होतं, "अर्थ तुम्हीच सांगितलात ना? मग तेव्हा खोटं बोललात की आता बोलताय?" राजाने पुन्हा तिकडे तोंड दाखवलं नाही. आबेके दिसली की तो मागच्या दाराने जायचा.

लढाई संपली. ओबिओरा परत आला, दाढी पांढरी झालेला. आयान आला नाही. तुरुंगातल्या तापात तो गेला होता. ओबिओरा वाड्यात आला आणि राजासमोर उभा राहिला.

"आम्ही एकाच कोठडीत होतो. जेवणाच्या थाळीवर बोटांनी वाजवून तो आम्हाला हसवायचा. आम्ही तुम्हाला शिव्या द्यायचो, काबियेसी, पण त्याने कधी दिली नाही. म्हणायचा, राजा घाबरला असेल रे. सकाळी आठवण आली की येईल मला न्यायला."

ओबिओरा गेल्यावर राजाने माझ्याकडे पाहिलं, आणि मला वाटलं, नको बाबा, माझ्याकडे बघू नकोस, माझंही तोंड काळंच आहे.

त्यानंतर राजाने काय नाही केलं? आबेकेकडे कापड पाठवलं, ते परत आलं. आयानच्या नावाने विहीर बांधली, तिच्यावर आबेके कधी पाण्याला गेली नाही. आणि रोज पहाटे तो खिडकीत येऊन आयानलेरेला विनवायचा.

"आज स्तुती नको. माझं काय चुकलं ते वाजव."

"आपलं काय चुकणार, काबियेसी?"

"तू मला घाबरतोस का?"

"छे! आपल्या राज्यात कोण घाबरतं?" असं म्हणून तो बिचारा आणखी जोरात स्तुती वाजवायचा. मी भाटासारखा कोकलत राहायचो, आणि वर राजा कानांवर हात ठेवून उभा असायचा. गावात नवीन रस्ता खचला, कर वसूल करणारे लोकांना नाडू लागले, पण खिडकीखाली कुणीही त्याचा उच्चार केला नाही. पुढे लढाई नव्हती, कॅप्टन नव्हता, तरी ते गेलेलं बोलणं परत आलं नाही.

शेवटी म्हाताऱ्या राजाने एका बाजाराच्या दिवशी मला स्वतःच खिळ्यावरून काढलं. छत्री घेतली नाही. भर मैदानात उभा राहून त्याने मला वाजवलं. त्याला कुठे वाजवता येत होतं! "आयानला मी धरून दिलं," असं त्याला माझ्याकडून म्हणवून घ्यायचं होतं. कधी वाद्या जास्त दाबल्या, कधी काठी चुकली. माझ्यातून नुसती खडखड निघाली. आणि लोकांनी काय करावं? राजा स्वतः वाजवतोय म्हणजे काहीतरी शुभ असणार, असं समजून सगळे जमिनीला कपाळ लावून ओरडले, "काबियेसी! काबियेसी!"

मित्रांनो, या शब्दाचा अर्थ आमच्याकडे असा धरतात, की ज्याला कुणी जाब विचारू शकत नाही तो.

फक्त एक बाई उभी होती. आबेकेने भज्यांची कढई उतरवली, हात पुसले आणि ती पुढे आली. तिने वाकून नमस्कार केला नाही.

"आदेगोके," ती म्हणाली, "माझ्या नवऱ्याला तू का धरून दिलंस?"

राजाला नावाने, अरेतुरे! एक सरदार काठी उगारून धावला. राजाने त्याला हाताने थांबवलं. त्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, पण चेहरा मात्र कित्येक वर्षांनी मोकळा दिसत होता.

"मी घाबरलो, आबेके," तो सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला. "आणि तो माझ्यावर हसला, याचा मला राग आला. देशाबिशाचं काही नव्हतं त्यात."

"हेच ऐकायचं होतं," ती म्हणाली. "माफ नाही केलंय." राजाने मला तिच्यापुढे धरलं, पण तिने घेतलं नाही. "तुझ्याच भिंतीला राहू दे," म्हणाली, आणि भजी करपतील म्हणून परत गेली. मग कांदेवाली चाचरत उठली आणि तिने खचलेल्या रस्त्याबद्दल विचारलं. तिच्यामागे आणखी एकजण उठला. राजा उन्हात उभा राहून एकेकाला उत्तर देत होता.

माझं एवढंच मागणं आहे, मित्रांनो. मला तेल लावा, वाळवीपासून जपा, पण त्याहून जास्त जपा ते खिडकीखाली उभं राहून नको ते सांगणाऱ्याला. संकटाच्या काळात तर नक्कीच, कारण तेव्हाच त्याला उचलून नेणं सोपं असतं. आणि कुणी बंदूकवाला तुमच्याकडे वळून विचारेल, "तो काय म्हणाला?" तेव्हा उत्तर द्यायच्या आधी एकदा त्या माणसाच्या चेहऱ्याकडे बघा. तो तुमच्या भरवशावर हसत उभा असेल.