पाच लिटरच्या मापाची जबानी

मित्रांनो, पेट्रोल पंपाच्या ऑफिसात काचेच्या कपाटात एक पितळी भांडे उभे असते. खाली रुंद, वर निमुळते, उंच मानेचे. तेच मी, पाच लिटरचे एक जुने माप. माझ्या मानेला काचेची पट्टी आहे आणि पट्टीवर रेघा आहेत. मधल्या रेघेला पेट्रोल टेकले की पाच लिटर झाले. पंचवीस मिलिलिटर इकडेतिकडे चालते. त्याहून कमी भरले तर मशीन बंद करावे लागते.

शिरोली एमआयडीसीतल्या एका लहानशा वर्कशॉपमध्ये मला घडवले आणि लगेच माझ्याहून अचूक अशा मापाने मला मोजले. तेव्हापासून दरवर्षी मला तपासतात आणि शिक्का मारतात. मला त्यात कधी कमीपणा वाटला नाही.

गेली बावीस वर्षे मी कळंब्याच्या पुढे, गारगोटी रस्त्यावर, राजमती अक्कांच्या पंपावर आहे. अक्का म्हणजे पंपाच्या मालकीण. रोज सकाळी सहाला इथले सर्वांत जुने कामगार गणपतराव मला बाहेर काढतात. आधी एकदा पेट्रोलने भरून ओततात, तीस सेकंद निथळू देतात, मगच पुन्हा भरून रेघ वाचतात. असे का? ओतून टाकले तरी थोडे पेट्रोल माझ्या आतल्या अंगाला चिकटून राहते, आणि ते तिथे आहे असे धरूनच माझी रेघ आखलेली असते. कोरडेच भरले तर पातळी रेघेच्या खाली राहते आणि चांगले मशीनही चोर दिसते.

गेल्या वर्षी दोन किलोमीटरवर नवा पंप निघाला. पाठोपाठ परवाने देणाऱ्या कार्यालयातून एक परिपत्रक आले: तीन किलोमीटरच्या आत दोन पंप असतील, तर जुन्याच्या परवान्याचे नूतनीकरण करू नये. अक्कांचा परवाना मार्चअखेर संपत होता. नूतनीकरण झाले नाही तर पंपाला कुलूप, आणि अकरा माणसे घरी.

मार्चच्या मध्यावर त्या कार्यालयाचे साहेब स्वतः आले, सोबत एक निरीक्षक. साहेब येणार म्हणून गणपतरावांनी सकाळपासून मला घासून लख्ख केले होते आणि ऑफिसच्या दाराशी उन्हात वाळत ठेवले होते. मी चमकत होतो आणि तापत होतो.

"मॅडम, वरून आदेश आहे. माझ्या हातात काही नाही," साहेब म्हणाले.

"आदेश वाचलाय की मी," अक्का म्हणाल्या. "नियमबी वाचलाय. नूतनीकरण नाकारायला त्यात चार कारणं हायत. माप कमी, भेसळ, खोटी नोंद, आगीची काळजी न घेणं. शेजारी दुसरा पंप निघाला, हे पाचवं कुठं लिवलंय?"

"ते आमचं धोरण आहे."

"नवीन परवाना कुणाला द्यायचा, तिथं वापरा की धोरण. माझा चालू पंप बंद करायचा तर नियमातलं कारण दावा. न्हायतर नाकारतोय म्हणून लिहून द्या, मी अपिलात जाते."

साहेब हसले. "कारणच हवंय ना? माप आणा."

निरीक्षकांनी मला उचलले, तसेच मशीनखाली धरले आणि पाच लिटर सोडले. पातळी रेघेच्या खाली अठ्ठावीस मिलिलिटरवर थांबली. बावीस वर्षांत मी असा आकडा दाखवला नव्हता, आणि तो दाखवताना मला माझ्याच चकाकीची लाज वाटली.

"लिहा," साहेब म्हणाले.

"लिहा की," अक्का म्हणाल्या. "पण माप कोरडं होतं आणि उन्हात तापून फुगलं होतं, हेबी लिहा. आता ओलं करून, निथळून परत घ्या. आणि साहेब, घड्याळ तुम्हीच धरा. माझ्या घड्याळावर तुमचा इश्वास बसायचा न्हाय."

साहेबांनी घड्याळ धरले. तीस सेकंद एवढे लांब असतात हे मला तेव्हा कळले. निरीक्षकांनी वाकून, डोळा रेघेच्या समोर आणून वाचले. "सहा कमी." मग दुसऱ्या मशीनवर. "चार जास्त." अक्कांनी तिन्ही आकडे पंचनाम्यात लिहून घेतले, अठ्ठावीससुद्धा.

तरीही मार्चअखेर नकार आला. कारण एकच, परिपत्रक. पंप बंद झाला. मशीनच्या नळ्यांना पोती बांधली, माझ्या पट्टीवर धूळ बसली. नव्या पंपाचा मालक निरोप पाठवी, "अक्का, जागा आम्हाला चालवायला द्या, कशाला तडफडताय?" अक्का रोज सहाला येऊन कुलूपबंद मशीनसमोर खुर्ची टाकून बसत. निरोप आणणाऱ्याला चहा देत आणि सांगत, "त्यास्नी म्हणावं, अजून अपील हाय."

सुनावणीत वरिष्ठांनी एकच प्रश्न विचारला म्हणे: चारपैकी कोणते कारण? साहेबांनी परिपत्रक पुढे केले. पंप बंद झाल्यापासून एकोणिसाव्या दिवशी निकाल आला. अक्कांनी तो सगळ्यांना उभे राहून वाचून दाखवला. "नियमात नसलेले कारण परिपत्रकाने निर्माण करता येत नाही. नूतनीकरण करावे."

महिन्याभराने साहेबांची जीप आमच्याच पंपावर आली. टाकी कोरडी पडली होती. साहेब काच खाली न करता बसून राहिले. गणपतरावांनी मला ओले केले, निथळले, आणि काचेवर टकटक केली.

"साहेब, माप बघून घ्या."

"राहू दे."

"ऱ्हाऊ दे कसं? गिऱ्हाइकाचा हक्क हाय. तुम्हालाबी हाय की."

साहेब उतरले, वाकले, डोळा रेघेच्या समोर आणला आणि हळूच म्हणाले, "बरोबर आहे."

मित्रांनो, मला घासू नका, उन्हात ठेवू नका, आपटू नका. एक पोचा पडला तरी माझे पाच लिटर पाच राहत नाहीत. आणि पंपावर आलात की मला मागायला लाजू नका. कोणी "नाही" म्हटले, तर तो कितीही मोठ्या खुर्चीत बसलेला असो, कोणत्या नियमाने, ते त्याच्याकडून लिहून घ्या.