एकोणीस हप्त्यांची पावती

भारतला पावती मागायची लाज वाटली, आणि त्या लाजेनंच त्याला गोत्यात आणलं.

मखमलाबादचा हा माणूस लग्नमंडप फुलांनी सजवायचा. मंडपाचं कापड पंचवटीतल्या सावळीरामशेठकडून उधारीवर आणायचा. एका वर्षी मोठ्या गिऱ्हाइकानं हात वर केले, उधारी थकली आणि शेठ कोर्टात गेले. निकाल लागला: अठ्ठेचाळीस हजार, दरमहा दोन हजार कोर्टात भरायचे. हप्ता चुकला तर भारतचा सामान वाहायचा टेम्पो जप्त.

पहिला हप्ता भरण्यात भारतचा अख्खा दिवस गेला. तेव्हा शेठच म्हणाले, "कशाला रांगेत ताटकळतोस? दुकानात आणून देत जा. भांडण कोर्टात झालं, आपल्यात नाही."

पुढचे एकोणीस महिने तो दर दहा तारखेला दुकानात गेला. शेठ नोटा कपाळाला लावून गल्ल्यात टाकायचे. त्यांची बायको नवसाबाई चहा आणायची, भारतचा साखरेचा आजार लक्षात ठेवून बिनसाखरेचा. एकदाच त्यानं पावतीचा विषय काढला. शेठचा चेहरा उतरला. "माझ्यावर भरवसा नाही?" भारतची जीभ पुन्हा रेटली नाही.

मग शेठ अचानक गेले. तिरडीचा हार भारतनं स्वतः केला, पैसे घेतले नाहीत. तेरावं झालं आणि शेठच्या मुलानं, महेशनं, कोर्टात अर्ज टाकला: एकच हप्ता जमा आहे. शेठनी कुठे काही लिहून ठेवलं नव्हतं. बेलीफ जप्तीची नोटीस देऊन गेला. तीन लग्नांची कामं अंगावर घेतलेली, आणि टेम्पो गेला म्हणजे धंदाच बसला. भारत तसाच दुकानात धावला.

"महेशभाऊ, देवाशपथ सांगतो, पैसे दिलेत."

"कागद दाखवा."

नवसाबाई पदर खोचत बाहेर आली. "एकोणीस येळा मी चहा केलाय याला. मला मोजता येतं. कोर्टात येऊन सांगते."

"माझ्याविरुद्ध, आई?"

"तुझ्या बापाच्या बाजूनं."

महेशचा आवाज चढला नाही, तेच वाईट होतं. "जा. पण मग या घरात परत येऊ नको."

म्हातारी खरोखरच चपला शोधू लागली. लाजलो आपण, आणि बेघर हिनं व्हायचं? त्याला शेठचा राग आला, महेशचा आला, सगळ्यात जास्त स्वतःचा आला.

"काकू, राहू द्या," तो म्हणाला. खिशातून टेम्पोची चावी काढून त्यानं टेबलावर ठेवली. "टेम्पो घ्या. मिटलं आपलं."

महेशनं चावी उचलली. "पावती लागेल का?" त्यानं खोचकपणे विचारलं.

"लागेल," भारत म्हणाला, आणि खुर्ची ओढून समोर बसला.