पंपघरावरचा आकडा

आमच्या प्रमोदिनीताईचे यजमान, गंगाधरभाऊजी लिमये, यांनी चौऱ्याहत्तर साली पाटबंधारे खात्यातली पक्की नोकरी सोडली आणि सांगलीत गणपती पेठेतल्या एका माडीवर ‘अभियांत्रिकी सल्लागार’ अशी पाटी लावली. सल्ला आपल्याकडे चहाबरोबर फुकट मिळतो, तो विकत कोण घेणार, असं आम्ही सगळे म्हणायचो. पहिलं काम फसलं तर मुकाट्यानं दुसरी नोकरी धरेन, असं त्यांनी ताईला कबूल केलं होतं. पण फसायला तरी काम यायला हवं ना!

आले ते शिराळ्याकडच्या एका वारणाकाठच्या गावातल्या पाणी सोसायटीचे चेअरमन हंबीरराव, लष्करातून सुभेदार होऊन परतलेले. नदीचं पाणी माळावरच्या उसाला चढवायचं होतं. त्या भागात पंपघराच्या भिंतीवर मोटारीचा हॉर्सपॉवर हातभर उंच रंगवायची रीत, आणि त्या आकड्यावर गावाची पत.

“शेजारच्या गावाची साठाची हाय. आमाला पंच्याहत्तरची काढून द्या.”

भाऊजींनी स्वतः जाऊन माळ मोजला. “पाइप रुंद घ्या. पाणी कमी अडतं, मग चाळीसची पुरते आणि विजेचं बिलही कमी येतं.”

“आवं, लोक तोंडात शेण घालतील आमच्या.”

“पंच्याहत्तर लागतच नाही. मी लिहून देणार नाही.”

हंबीरराव उठून गेले. मला भाऊजींचा असा राग आला म्हणून सांगू! एक आकडा लिहायला काय हात झिजत होते? ताई मात्र म्हणाली, “दुसऱ्याच्या मर्जीचंच लिहायचं, तर नोकरी काय वाईट होती?”

थोड्या दिवसांनी हंबीरराव परत जिना चढले. “बाकीच्या साहेबांनी बसल्या जागी पंच्याहत्तरला व्हय म्हटलं. माळ चढला न्हाई एक बी. तुमीच करा. पण पानी वर आलं न्हाई, तर तुमचं बी आन् माझं बी तोंड काळं.”

पुढच्या उन्हाळ्यात मोटार सुरू झाली. शेजारच्या गावाचे चेअरमन लालासाहेब मुद्दाम मजा बघायला आले होते. माळावरच्या हौदाशी आम्ही ताटकळत उभे. पाइपातून नुसती हवा फुसफुसत होती. लालासाहेब मिशीत हसले. भाऊजी चष्मा पुसत राहिले. मी मनातल्या मनात त्यांच्यासाठी नोकरी शोधू लागलो.

मग पाइपानं गढूळ चूळ टाकली आणि मागोमाग तोंडभर पाणी आलं. माळावर ज्यांचं शेवटचं शेत, त्या राहीबाईंनी ओंजळ धरली आणि ओला हात डोळ्यांना लावला.

हंबीररावांनी दुसऱ्या दिवशी पेंटर बोलावला. चाळीस लपवतील असं मला वाटलं होतं. त्यांनी तो हातभर उंच काढवला आणि खाली लिहवलं, ‘सल्ला : गंगाधर लिमये, सांगली’. ते वाचताना भाऊजींचे डोळे भरून आले.

महिनाभरात माडीवर लालासाहेब हजर. टोपी काढून गुडघ्यावर ठेवली आणि हळूच म्हणाले, “आमचा बी आकडा जरा कमी करून द्या.”

भाऊजींनी दोन चहा सांगितले. या खेपेस फुकट होता तो चहाच.